नवऱ्याची लक्षद्वीपमधल्या मिनिकॉय बेटावर बदली झाली आहे. तिथले लोक बाहेरच्यांना आपलंसं करतात का?

नाही करत. मी तिथे संसार केलाय, म्हणून स्पष्ट सांगते. वाईट कुणी वागणार नाही. पण तुम्ही रस्त्याने निघालात की बायकांच्या गप्पा थांबणार, तुमची पाठ वळली की पुन्हा सुरू. सकाळी तुमच्याकडे काय शिजलं ते दुपारी गावाला ठाऊक. सुरुवातीला माझा जीव घुसमटायचा. घरची भाषा महल असली तरी पुरुष जहाजांवर नोकऱ्या केलेले, हिंदी चांगलं येतं. म्हणजे अडचण भाषेची नव्हती.

शेजारच्या क्वार्टरमध्ये आपल्याकडूनच आलेलं कुटुंब होतं. त्यांनी आल्याआल्या विहिरीवर मोटर बसवली आणि तासन्‌तास चालवली. तिथे प्रवाळाच्या वाळूत गोड्या पाण्याचा पातळ थर खाऱ्या पाण्यावर तरंगतो. बादलीने शेंदलं तर पुरतो, जोरात उपसलं की खालचं खारं वर येतं, आणि ते एकाच विहिरीत थांबत नाही. पलीकडच्या घरातल्या आजींनी मला बोलावून चहा दिला. खारट. मी प्यायले, त्या बघत राहिल्या. भांडण नाही, तक्रार नाही. दुसऱ्या दिवशी गावचे मूपन, म्हणजे गावप्रमुख, येऊन मोटर बंद करवून गेले. त्यानंतर कित्येक दिवस आमच्याशीही कुणी धड बोललं नाही. मला त्यांचा राग आला नाही.

माझे मोठे दीर अजून विचारतात, "आपल्याच देशातल्या बेटांवर जायला परमिट कशाला? बाहेरच्यांना जमीन का घेऊ देत नाहीत?" अख्ख्या लक्षद्वीपची जमीन ३२ चौरस किलोमीटर, वस्तीची बेटं दहा, २०११च्या जनगणनेत माणसं ६४ हजारांवर. तिथे प्लॉटवाले शिरले तर आजींनी पाणी कुठून शेंदायचं? २०२१ साली जमिनीच्या नव्या नियमांचा मसुदा आला, बेटांवर लोकांनी उपोषण केलं, तेव्हा दीर घरच्या ग्रुपवर "विकासाला विरोध" लिहीत होते. खारट चहाची गोष्ट मी तिथेच लिहिली. त्यावर त्यांचं उत्तर आलं नाही.

हां, माझा काळ जुना. २०११पासून तिथे समुद्राचं पाणी गोडं करणारा प्रकल्प आहे. आणि हे सगळं मिनिकॉयचं. बाकीच्या बेटांवर जेसरी बोलतात, चालीरीतीही वेगळ्या.

तुम्ही खुशाल जा. तिथे जावईसुद्धा बायकोच्या घरी नांदायला येतो, तेव्हा आपण तर पाहुणेच. विहिरीला काहीही करायचं तर आधी मूपनना विचारा. आणि सासरी कुणी परमिटचा विषय काढला, तर ३२ चौरस किलोमीटर हा आकडा सांगा.