मोनालाला भारद्वाज म्हणावं का?

गुहागरच्या एका ताईंचा प्रश्न आहे. उत्तराखंडातल्या पदभ्रमंतीवर त्या लेख लिहीत आहेत. तिथे बर्फाच्या कडेला त्यांना निळा-हिरवा झळझळीत, डोक्यावर तुरा असलेला पक्षी दिसला. वाटाड्याने 'मोनाल' असं नाव सांगितलं आणि इंग्रजीत हा 'फेझंट' असंही म्हणाला. घरी येऊन प्रतिशब्द शोधला तर एकीकडे 'भारद्वाज' मिळाला, दुसरीकडे 'तितर'. यातला कोणता घ्यावा?

ताई, दोन्ही नकोत. वाटाड्याने सांगितलं तेच लिहा: मोनाल.

'भारद्वाज' या यादीत कसा शिरला ते आधी पाहू, कारण ही चूक मी बऱ्याच भाषांतरांत वाचली आहे आणि दर वेळी जीव कळवळतो. आपल्या भारद्वाजाला इंग्रजीत पूर्वी 'क्रो-फेझंट' म्हणत. अंग कावळ्यासारखं काळं, शेपूट लांब, उडण्यापेक्षा जमिनीवरून चालणंच जास्त, त्यावरून पडलेलं हे जोडनाव. त्यातला 'फेझंट' तेवढा उचलायचा आणि त्याच्यासमोर भारद्वाज लिहायचा, की झाली चूक. खरं तर भारद्वाज कोकिळेच्या कुळातला आहे. दुसऱ्याच्या घरट्यात अंडी घालायची कोकिळेची रीत मात्र त्याच्यात नाही, तो आपलं घरटं आपणच बांधतो. आपल्या लोकांनीही त्याला रूपावरूनच नावं दिली आहेत. सोनकावळा म्हणताना कावळा आठवला, कुक्कुडकोंबा म्हणताना कोंबडा. पण नावात कोंबडा आला म्हणून तो कोंबड्याच्या गोत्रातला होत नाही. तुमच्या वाडीत माडाखाली गोगलगायी वेचत फिरणारा, पहाटे 'हूप हूप' घुमणारा, दिसला की शुभ मानतात तो पक्षी हिमालयातल्या बर्फात नेऊन ठेवला, तर कोकणातला वाचक बुचकळ्यात पडेल.

'तितर' त्यामानाने जवळचा, कारण कूळ एकच. मोर, रानकोंबडा, तितर, लावा आणि मोनाल सगळे त्याच कुळातले. पण तितर म्हटलं की माळरानातला ठेंगणा, आखूड शेपटीचा, मातकट पक्षी डोळ्यांपुढे येतो. मोनालाचा नर चांगला दोन किलोंच्या वर भरतो, लांबीला सुमारे ७० सेंटिमीटर. वाचकाला ओळखीचं काही द्यायचंच असेल, तर सह्याद्रीतल्या रानकोंबड्याचं नाव घ्या. 'रानकोंबड्याच्या गोतावळ्यातला' एवढं एकदा लिहिलंत की पुरे. 'फेझंट' हा शब्द गटाचं नाव म्हणून ठेवायलाही हरकत नाही. तो मूळचा इंग्रजीही नाही. काळ्या समुद्राला मिळणाऱ्या फासिस नदीच्या नावावरून ग्रीकांनी तो घडवला.

परका शब्द जसाच्या तसा घेणं मराठीला नवं नाही. चकोर हा उत्तरेकडच्या डोंगरांतला पक्षी. आपल्या किनाऱ्यावर तो कुणी पाहिला नाही, तरी चांदण्यावर जगणारा चकोर मराठी कवितेत शेकडो वर्षं नांदतो आहे. त्याचं कुणी मराठीकरण केलं नाही. मग मोनालाचं तरी का करावं?

एक सावधगिरी मात्र बाळगा. नेपाळीत या पक्ष्याला 'डांफे' म्हणतात, तो नेपाळचा राष्ट्रीय पक्षी आहे. तिथे 'मुनाल' म्हटलं की वेगळाच, लाल अंगावर पांढरे ठिपके असलेला पक्षी समजतात. म्हणून नेपाळी मजकुरातला मुनाल डोळे मिटून आपल्या मोनालाला जोडू नका. तुम्ही पाहिलात तो उत्तराखंडाचा राज्यपक्षी. शास्त्रीय नावात त्याला 'इंपेजानस' म्हणतात, ते लेडी मेरी इंपे यांच्यावरून. कोलकात्याच्या सर्वोच्च न्यायालयाचे पहिले मुख्य न्यायाधीश एलिजा इंपे यांच्या त्या पत्नी. त्यांनी पक्षी पाळले होते आणि भारतीय चित्रकारांकडून त्यांची चित्रं काढून घेतली होती.

आता रूपं. 'मोनालचा तुरा' असं तुम्ही लिहिलं आहे. मी 'मोनालाचा' लिहीन. मोराचा, चकोराचा, तसा मोनालाचा. अनेकवचन मोरासारखंच, 'चार मोनाल'. मादीसाठी लांडोरीसारखा वेगळा शब्द आपल्याकडे नाही. तो पाडायच्या भानगडीत न पडता 'मोनालाची मादी' म्हणावं. तुमच्या मसुद्यात 'शेजारी पांढऱ्या गळ्याचं कुठलंसं तपकिरी पाखरू' आहे ना, तीच बहुधा ती. रंगांची सगळी उधळण नराच्या वाट्याला आली आहे.

आणखी एक शब्द. बर्फात चोच मारणाऱ्या मोनालासाठी तुम्ही 'टिपत होता' लिहिलं आहे. दाणे टिपतात. मोनाल मजबूत, वाकड्या चोचीने बर्फ आणि माती खणून कंद, मुळं आणि किडे काढतो, तिथे 'उकरत होता' हवं. शिट्टीचं वर्णन करताना अडलात असं म्हणता, तर हिवाळ्यात भरती ओसरल्यावर खाडीच्या चिखलावर जा. लांब बाकदार चोचीचा कुरल तिथे येतो. मोनालाची शिट्टी त्याच्या आवाजाशी मिळतीजुळती आहे. ऐका, आणि मग कानाला येईल तो शब्द लिहा.