‘रेस’साठी वंश, वर्ण की वंशवाद?

प्रश्न असा आहे: अमेरिकी राजकीय पत्रकार ग्वेन आयफिल यांच्या ‘द ब्रेकथ्रू’ (2009) या पुस्तकाचा परिचय मराठीत लिहायचा आहे. ‘पॉलिटिक्स अँड रेस इन द एज ऑफ ओबामा’ या उपशीर्षकातल्या ‘रेस’ला ‘वंशवाद’ म्हटलं तर चालेल का?

माझ्या मते अजिबात नाही. वंशवाद म्हणजे रेसिझम, आणि आयफिलबाईंनी तो शब्द तिथे घातलेला नाही. शिवाय हिंदी बातम्या ऐकून ऐकून ‘वंशवाद’ म्हटलं की आता आपल्यालाही घराणेशाहीच आठवते. या पुस्तकात तर त्यामुळे भलताच घोटाळा होईल, कारण आईवडिलांचा राजकीय वारसा चालवणाऱ्या मुलामुलींवर त्यात वेगळं प्रकरणच आहे.

‘वर्ण’ मात्र आपल्याकडे चांगला रुळलेला शब्द. दक्षिण आफ्रिकेतली वर्णद्वेषी राजवट, कृष्णवर्णीय मतदार हे सगळे वाचतात. ते खुशाल वापरा. अडचण अशी की ‘वर्ण’ म्हटलं की कातडीचा रंग डोळ्यांपुढे येतो आणि अमेरिकेतली ‘रेस’ तेवढ्यावर थांबत नाही. होमर प्लेसीचंच बघा. 1892 मध्ये न्यू ऑर्लिन्सला तो गोऱ्यांच्या डब्यात बसला म्हणून त्याला अटक झाली. त्याच्या अंगात आफ्रिकी रक्त आठातला एक हिस्सा, आणि ते त्याच्या रंगावरून ओळखू येत नाही, असं त्याच्याच बाजूने कोर्टात मांडलं गेलं होतं. तरी 1896 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल त्याच्या विरोधात दिला. इथे रंग पाहिला गेला नाही, कूळ पाहिलं गेलं.

आयफिल ज्यांच्याविषयी लिहितात त्या कोरी बुकर यांचंही तेच. 2002 मध्ये नेवार्कच्या महापौरपदासाठी ते शार्प जेम्स यांच्याविरुद्ध उभे राहिले. दोघेही कृष्णवर्णीय. तरी प्रचारात वाद पेटला तो बुकर ‘खरे’ कृष्णवर्णीय आहेत का, यावरच! ते वाढले गोऱ्यांच्या सुखवस्तू उपनगरात, शिकले स्टॅनफर्ड आणि येलला. ती निवडणूक ते हरले आणि 2006 मध्ये महापौर झाले. हा सगळा वाद आपला कोण नि परका कोण याचा होता, आणि तो ‘वर्ण’ या शब्दात मावत नाही.

म्हणून मी ‘ओबामापर्वातलं राजकारण आणि वंश’ असं लिहीन. विशेषण ‘वांशिक’: वांशिक संबंध, वांशिक तणाव. ‘वंशीय’ नको, ते ‘चंद्रवंशीय’सारख्या समासातच शोभतं.

कुणी ‘जात’ सुचवेल. पण जातिव्यवस्था ही एकाच वंशाच्या लोकांची सामाजिक विभागणी आहे, असं बाबासाहेबांनी 1936 मध्येच स्पष्ट मांडलं होतं. दोन्ही शब्द वेगळेच राहू द्यावेत. अपवाद अमेरिकी पत्रकार इझाबेल विल्करसन यांच्या अमेरिकेतल्या वंशभेदावरच्या 2020 च्या पुस्तकाचा: त्या स्वतःच ‘कास्ट’ म्हणतात, तेव्हा तिथे ‘जात’च हवी.