त्याला उत्तर देता आलं का?

पोरा,

रात्री दीडला पाठवलेला तुझा मेसेज सकाळी वाचला. माणसावर अकरा गुन्हे, वस्तीतले लोक त्याला घाबरून असतात, फाईल वाचून तू स्वतःच हादरलायस, आणि आता एमपीडीएच्या, म्हणजे धोकादायक माणसाला खटल्याशिवाय स्थानबद्ध करायच्या महाराष्ट्राच्या कायद्याच्या, ऑर्डरविरुद्ध त्याची केस घ्यावी का सोडावी हे तुला कळत नाहीये. राज्यघटना तुला पाठ आहे, त्यामुळे ते काही मी सांगत बसत नाही.

पण तू प्रश्नच चुकीचा विचारतोयस रे. तो चांगला का वाईट हे ठरवायला ते अकरा खटले आहेत ना, तिथे पुरावे येतील, साक्षीदारांची उलटतपासणी होईल. स्थानबद्धतेत यातलं काहीच नाहीये. खटला नाही, जामीन नाही, २४ तासांत मॅजिस्ट्रेटसमोर नेणं नाही, ऑर्डर तपासणाऱ्या सल्लागार मंडळासमोर वकील म्हणून उभं राहायचा तुला हक्क नाही, पुढे काहीतरी करेल एवढ्या अंदाजावर माणूस बारा महिन्यांपर्यंत आत. घटनेच्या अनुच्छेद २२ नं एवढं सगळं काढून घेतलं आणि खंड ५ मध्ये एकच गोष्ट त्याच्या हातात ठेवली, कारणं कळवा आणि लवकरात लवकर त्याला त्याचं म्हणणं मांडू द्या. म्हणून आपण बघायचं ते एवढंच, त्याला उत्तर देता आलं का?

मी हे कुठं शिकले ते सांगते, कुणाला फारसं सांगितलेलं नाही. प्रॅक्टिसच्या तिसऱ्या-चौथ्या वर्षी असाच एक जण होता, घरापासून लांबच्या जेलमधे टाकलेला. ऑर्डर मराठीत, खाली 'मला वाचून दाखवले, समजले' आणि त्याची मराठीत सही. सही बघितली, म्हणलं याला वाचता येतंय, तो मुद्दा संपला, आणि मी सार्वजनिक सुव्यवस्थेच्या मुद्द्यावर वीस पानं लिहीत बसले. वकालतनाम्यावर त्यानं माझ्यासमोर सही केली होती. आधी वरची रेघ ओढली, पूर्ण, आणि मग तिच्याखाली एकेक अक्षर टांगत गेला, चित्र काढावं तसं. लिहिता येणारा माणूस रेघ शेवटी देतो. हे मी डोळ्यांनी बघितलं आणि मला काही कळलं नाही. अकराव्या महिन्यात त्यानं मला ऑर्डर दाखवून विचारलं, मॅडम, यात तारीख कुठली लिहिलीये? तेव्हा कळलं. त्याला फक्त नाव काढता येत होतं. घरी तेलुगू बोलायचे, मराठी कामापुरती. त्याच्यावरच्या आरोपांना त्यानं उत्तर दिलंच नव्हतं, कारण आरोप काय आहेत हेच त्याला धड माहीत नव्हतं. महिन्याभरात मुदत संपून सुटला तो, माझ्यामुळे नाही. बायकोनं तोवर घर सोडलं होतं.

आणि कायदा काही नवा नव्हता! हरिकिसनच्या केसमधे १९६२ सालीच सुप्रीम कोर्टानं सांगून ठेवलंय, इंग्रजी न येणाऱ्याला इंग्रजीत कारणं दिली आणि अधिकाऱ्यानं तोंडी समजावली, याला कळवणं म्हणत नाहीत. मला केस माहीत होती. त्या माणसाला विचारायचं सुचलं नाही.

तर आता फाईल परत काढ, गुन्ह्यांची यादी बाजूला ठेव. कारणं पाच दिवसांच्या आत दिली का? झेरॉक्स वाचता येतेय का, का अर्धी पानं नुसती काळी आहेत? इन-कॅमेरा जबाब, म्हणजे साक्षीदारांचे नाव लपवून घेतलेले जबाब, बघ, 'अ' आणि 'ब' ची नावं लपवली ते ठीक, २२(६) खाली लपवता येतं, पण 'एके दिवशी सायंकाळी बाजारात' एवढंच ठेवलं असेल तर त्याला तो काय उत्तर देणार, त्या संध्याकाळी मी दुसरीकडे होतो हे सुद्धा म्हणता येत नाही. ऑर्डरला सरकारची मंजुरी बारा दिवसांत लागते, तोवर खुद्द ऑर्डर काढणाऱ्या अधिकाऱ्याकडेच अर्ज करता येतो आणि हे त्याला सांगावं लागतं, संतोष आचार्यच्या केसमधे २००० साली ठरलंय, आपल्याच एमपीडीएवर. सांगितलंय का? राम मनोहर लोहियांची १९६५ ची केस पण वाच, कायदा-सुव्यवस्था बिघडणं वेगळं आणि सार्वजनिक सुव्यवस्था बिघडणं वेगळं, तो मुद्दा घेच, पण नंतर. आधी मी सांगतेय ते.

लोक मला म्हणतात, तुम्ही गुंडांना टेक्निकल मुद्द्यांवर सोडवता. घरात सुद्धा ऐकलंय. मी एकाही गुन्ह्यातून कुणाला सोडवलेलं नाही, ऑर्डर रद्द झाली तरी खटले जिथल्या तिथे चालू राहतात, पोलिसांना पुरावा आणून शिक्षा करायला कुणी अडवलंय? ज्याच्याजवळ उत्तराच्या कागदाशिवाय काहीच उरलेलं नाही त्याचा तो कागद टेक्निकल कसा? १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीनं सल्लागार मंडळाच्या मताशिवाय आत ठेवायची तीन महिन्यांची मुदत दोनवर आणायची होती, ते कलम आजपर्यंत लागूच केलं नाही, त्याला कुणी टेक्निकल म्हणत नाही. मी चिडते, माहितीये. त्या रेघेमुळे चिडते.

तुला त्याची भीती वाटते यात लाज वाटण्यासारखं काही नाही, मलाही काहींची वाटली आहे. भीती वाटत असताना पण विचारता येतं, याला उत्तर देता आलं का.

केस सोडायची असेल तर सोड, मी रागावणार नाही, पण आज नको. अर्ज गेल्याशिवाय नको, एकेक दिवस त्याच्या आयुष्यातला जातोय. उद्या जेलला जा, कारणांचं पहिलं पान त्याच्या हातात दे आणि मोठ्यानं वाचायला सांग, सही कशी करतो ते बघ. रात्री कितीही वाजू देत, फोन कर.

तुझी,
मॅडम