कोर्टाने संरक्षणाचा आदेश दिलाय, पण पोलीस दाद देत नाहीत. अवमान याचिका करावी का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: आंतरजातीय लग्न, माहेरकडून धमक्या, उच्च न्यायालयाचा आदेश हातात आणि पोलीस ठाण्यात मात्र "साहेब बंदोबस्ताला गेलेत, नंतर या". वर "बसून मिटवून टाका" हा सल्ला. अशी प्रकरणं मी चालवतो. अवमान याचिका करता येईल, पण लगेच धावू नका.

आधी आदेशाचा शेवटचा परिच्छेद नीट वाचा. तिथे "अर्जदारांच्या निवेदनावर पोलिसांनी कायद्यानुसार विचार करावा" एवढंच असेल, तर पोलिसांनी निवेदन वाचून "धोका दिसत नाही" असं लेखी कळवलं तरी आदेश पाळल्यासारखाच होतो. त्यावर अवमान टिकणं कठीण. कोणत्या अधिकाऱ्याने, कोणाला, कधीपर्यंत संरक्षण द्यायचं हे स्पष्ट असेल तर तुमची बाजू पक्की. "पुढील तारखेपर्यंत" असं असेल आणि ती तारीख उलटून गेली असेल, तर मुदत वाढवून घेतली आहे का ते वकिलांना आजच विचारा.

मग पोच. बहुतेक प्रकरणं इथेच अडकतात. मोबाइलवर पीडीएफ दाखवली की ठाणे अंमलदार मान डोलावतो, त्याची ड्युटी संपते आणि पुढच्याला काही पत्ताच नसतो. आदेशाच्या प्रतीला एका पानाचं पत्र जोडा: सध्याचा पत्ता, फोन, धमकावणाऱ्यांची नावं, शेवटची धमकी कधी आणि कशी आली. तुमच्याकडच्या प्रतीवर आवक क्रमांक, शिक्का, तारीख आणि सही घ्या. शिक्का मारायला नाही म्हणाले तर हुज्जत घालू नका, त्याच दिवशी स्पीड पोस्टाने आणि ईमेलने पाठवा. एक प्रत पोलीस अधीक्षकांना (आयुक्तालय असेल तर उपायुक्तांना), एक सरकारी वकिलांच्या कार्यालयात. सरकारी वकिलांचं पत्र गेलं की ठाणं हलतं, कारण पुढच्या तारखेला न्यायाधीशांसमोर उभं राहायचं असतं त्यांना.

मधल्या काळात घर बदललंत का? आदेशात एकाच ठाण्याचं नाव असेल तर दुसरं ठाणं "आमचं नाव कुठंय यात?" म्हणून मोकळं होतं. तेव्हा जिल्हा बदलला असेल तर आदेशात दुरुस्ती मागून घ्या.

पत्रात शक्तिवाहिनी खटल्याचा उल्लेख जरूर करा. सर्वोच्च न्यायालयाचा 27 मार्च 2018 चा निकाल आहे. धोक्यातल्या जोडप्याला आणि कुटुंबाला तत्काळ सुरक्षा द्या, गरज पडली तर सुरक्षित निवासात हलवा, प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष काढा, हे त्यात आहे. निर्देश न पाळणाऱ्या अधिकाऱ्यावर खातेनिहाय कारवाई करून ती शक्यतो 6 महिन्यांत संपवावी, असंही आहे. ही ओळ पत्रात असली की वाचणारा जरा सावरून बसतो.

धमकीचा प्रत्येक नवा फोन आला की वेगळी तक्रार द्या. नुसती एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) घेऊन वाटेला लावतील, तरी नोंद राहते. कोणी दारात येऊन उभं राहिलं तर 112 लावा. तिथल्या कॉलचीही नोंद होते. हे कागद पुढे "धोका नाही" या अहवालाला उत्तर म्हणून कामी येतात.

एवढं करूनही हालचाल नसेल, तर मी आधी त्याच खंडपीठापुढे प्रकरण तातडीने मेन्शन करतो, म्हणजे लवकर सुनावणीसाठी तोंडी मांडतो. अवमानात आदेश जाणूनबुजून मोडला हे दाखवावं लागतं, आणि अनेकदा अधिकारी माफीनामा देतो नि प्रकरण मिटतं. तुम्हाला माफी नकोय, दारात शिपाई हवाय. मात्र अवमानाची कारवाई वर्षभरात सुरू व्हावी लागते, तेव्हा तो मार्ग बंद होईपर्यंत थांबू नका.

राहिलं "मिटवून टाका". पत्नीला जबाबासाठी ठाण्यात बोलावत असतील, तर साक्षीदार म्हणून महिलेचा जबाब तिच्या राहत्या ठिकाणीच घ्यायचा असतो, हे लेखी कळवा. आणि "आमची आता तक्रार नाही" अशा मजकुरावर ठाण्यात बसून सही करू नका, कितीही गोड बोलले तरी. पुढच्या तारखेला तोच कागद कोर्टात दाखवतात आणि संरक्षण निघून जातं.