मध्ययुगीन इंग्रजी कवितेला वृत्त होतं का, की नुसताच अनुप्रास?

लँगलंडच्या 'पिअर्स प्लाउमन' या इंग्रजी काव्याच्या ओळींचं स्कॅन्शन, म्हणजे आघात मोजून वृत्त ओळखणं, कसं करायचं, असं तुम्ही विचारलंय. सोबत चौदाव्या शतकातल्या चॉसर कवीबद्दलचं तुमच्या सरांचं वाक्यही दिलंय: 'चॉसरच्या आधी इंग्रजीत मीटर नव्हतं, अनुप्रासावर भागवायचे.' स्कॅन्शनचं सांगते, पण हे वाक्य मी एम.ए.च्या वर्गात जवळजवळ याच शब्दांत ऐकलेलं आहे, त्यामुळे आधी त्याचा समाचार.

वृत्त होतं. चांगलं कडक होतं. ते आयॅम्बिक, म्हणजे एक हलकं आणि एक जोराचं अक्षर असं आळीपाळीने चालणारं, नव्हतं, एवढाच त्याचा गुन्हा.

आमचे सर गाइडातून नोट्स द्यायचे. मी सोलापूरची, काळ नव्वदीच्या मधला, झेरॉक्स महाग, म्हणून सगळा वर्ग खाली मान घालून उतरवून घ्यायचा. त्या दिवशी मजकूर असा होता की जुनी इंग्रजी कविता ओबडधोबड, अनियमित, आणि अनुप्रास हा तिचा मुख्य अलंकार. मी हात वर केला. त्याच आठवड्यात लायब्ररीत एक जुना वेचेसंग्रह हाती लागला होता आणि त्यातल्या 'बॅटल ऑफ माल्डन'च्या दोन ओळी डोक्यात घर करून बसल्या होत्या. मी म्हटलं, सर, हा अलंकार वाटत नाही, ओळ त्याच्यावरच उभी आहे. सर म्हणाले, "अलंकार म्हणजे दागिना. दागिना उतरवला म्हणून बाई मरत नाही." वर्ग हसला. मुलीसुद्धा हसल्या, आणि ते मला जास्त लागलं.

मी म्हटलं, इथे उतरवला की मरते, सर. मग सरांनी खडू पुढे केला. मी घाबरत घाबरत त्या ओळी फळ्यावर लिहिल्या. उच्चार साधारण असे:

हिये शल थे हेअर्द्रा, हेओर्ते थे केन्रे,
मोद शल थे मारे, थे ऊरे मॅयेन ल्यूत्लाथ.

९९१ साली इंग्लंडच्या एसेक्समध्ये माल्डनजवळ व्हायकिंगांशी झालेल्या लढाईवरची ही कविता. सरदार पडलाय, काही जण पळालेत, आणि एक म्हातारा योद्धा उरलेल्यांना सांगतोय की अंगातलं बळ जसं ओसरेल तसं मन अधिक कणखर, काळीज अधिक धीट, हिंमत अधिक मोठी व्हायला हवी. कवितेची सुरुवात आणि शेवट दोन्ही हरवलेत. मूळ हस्तलिखित १७३१ च्या आगीत जळालं. आधी कुणीतरी नक्कल करून ठेवली होती म्हणून उरलेलं तरी आपल्याला मिळालं.

आता बघा. ओळीचे दोन भाग, मध्ये यती. प्रत्येक भागात दोन आघात, म्हणजे ओळीत चार. तिसरा आघात राजा. त्याचा आरंभीचा ध्वनी जो असेल तो पहिल्या दोन आघातांपैकी एकाने तरी उचलायलाच हवा, दोघांनी उचलला तर उत्तमच, आणि चौथ्याने सहसा उचलायचा नाही. वरच्या ओळींत ह, ह, ह आणि मग केन्रे मोकळा. खाली म, म, म आणि ल्यूत्लाथ मोकळा. अमुक आघाताने अक्षर जुळवायचं नाही, असा नियम कधी दागिन्याला असतो का? शिवाय सगळे स्वर एकमेकांशी जुळतात, पण स्प, स्ट, स्क ही जोडाक्षरं फक्त स्वतःशीच. 'स्ट'ला साधा 'स' चालत नाही.

यापुढचं मात्र मराठी माणसाला इंग्रजाहून लवकर कळायला हवं. आघात पडणारं अक्षर गुरू लागतं. ते लघू असेल तर पुढचं अक्षर सोबत घेतं आणि दोन्ही मिळून एक आघात भरतो. वरचं 'हिये' आणि 'मॅयेन' तसेच आहेत. दोन लघूंचा एक गुरू धरायची सवय आपल्याला शाळेपासून असते. हे ज्याने पाळलं त्या कवीला अनियमित म्हणायचं? जर्मनीत झीव्हर्स नावाच्या पंडिताने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या अर्ध्या ओळींचे पाच साचे पाडून दाखवले. जुन्या इंग्रजीतलं महाकाव्य 'बेओवुल्फ', त्याच्या ३१८२ ओळींतल्या बहुतेक सगळ्या अर्ध्या ओळी या ना त्या साच्यात बसतात. गद्य असं बसत नाही, लिहून बघा.

यातलं बरंचसं मी नंतर वाचलं, पण फळ्यावरच्या दोन ओळींपुरतं सगळं दिसत होतं आणि मी ते बोलून दाखवलं. बाक वाजवून म्हणूनही दाखवलं. सर म्हणाले, "हा काय भजनाचा वर्ग आहे का?" आणि मग त्यांचा हुकमी पत्ता: मूळ हस्तलिखितात या कविता सलग लिहिलेल्या असतात, ओळी पाडलेल्या नसतात, म्हणजे मुळात ते लयबद्ध गद्यच. सलग लिहिलेल्या असतात हे खरंच आहे. पण आपल्या जुन्या पोथ्या काढून बघा. ओव्या सलगच लिहिलेल्या, मध्ये फक्त दंड. म्हणून ज्ञानेश्वरी गद्य ठरते का? तिकडे तर कातड्यावर लिहायचे आणि कातडं महाग होतं हो, ओळ मोडून जागा कोण वाया घालवेल?

तेव्हा हे मला सुचलं नाही. वाचवलं माझ्या शेजारी बसणाऱ्या मैत्रिणीने. ती सोलापूरच्या पूर्व भागातली, घरी तेलुगू, वडील यंत्रमागावर. वर्गात तोंड उघडायची नाही. ती उठून म्हणाली, सर, आमच्या पद्यात असंच असतं, चरणाच्या पहिल्या अक्षराशी मधल्या ठरलेल्या जागेचं अक्षर जुळावं लागतं, नाही जुळलं तर पद्य चुकलं. आणि तिने वेमना या तेलुगू संतकवीच्या पद्यांचा ठरलेला शेवटचा चरण म्हटला: 'विश्वदाभिराम विनुर वेम'. वि आणि विनुर. तेलुगू पद्याला गणही आहेत आणि ही अक्षरजुळणीही, दोन्ही सक्तीची. राजस्थानच्या डिंगल काव्यातही 'वयणसगाई' म्हणून असाच नियम आहे, चरणाच्या पहिल्या आणि शेवटच्या शब्दाचं आद्याक्षर जुळवायचं. म्हणजे अक्षरजुळणी हा कवितेचा सांगाडा असू शकतो हे कळायला ऑक्सफर्डला जावं लागत नाही, सोलापूरच्या पूर्व भागात गेलं तरी पुरतं.

सरांचं उत्तर: "तेलुगू सिलॅबसमध्ये आहे का?" ती खाली बसली. त्या वर्षी ती पुन्हा वर्गात बोलल्याचं मला आठवत नाही. मला सेमिनारला पास होण्यापुरते गुण मिळाले. ते सोडा, पण तिचं ते खाली बसणं मी विसरलेले नाही. वर्गात खरी तज्ज्ञ तीच होती, कारण आम्ही बाकीचे जे गाइडातून उतरवत होतो ते तिच्या कानात लहानपणापासून होतं. पुढे मी शिकवायला लागले, एका उजळणी वर्गात तेच सर व्याख्यानाला आले आणि तेच वाक्य म्हणाले. मी हात वर केला. चहाची वेळ झाली होती म्हणे.

असो. तुमचा लँगलंड.

तो 'माल्डन'च्या जवळजवळ चारशे वर्षं पुढचा, चौदाव्या शतकाचा. मधल्या काळात नॉर्मन आले, फ्रेंच आली, यमक आलं, शब्दांच्या शेवटचे प्रत्यय झिजले. तरी अक्षरजुळणीची ओळ मेली नाही. १२०० च्या आसपास लेयामन नावाच्या कवीने 'ब्रुट' या काव्यात ती मोडकीतोडकी का होईना वापरली, आणि चौदाव्या शतकात इंग्लंडच्या पश्चिमेला आणि उत्तरेला ती पुन्हा जोरात दिसते. 'पिअर्स'ची पहिली ओळ:

इन अ सुमर सेझून, व्हान सॉफ्टे वास द सुन्ने

यात चौथा आघातही जुळलाय. लँगलंड अशी सूट घेतो. 'सर गवेन अँड द ग्रीन नाइट'चा कवी जास्त काटेकोर. त्याची पहिली ओळ:

सिथेन द सेज अँड दि असाउट वास सेसेड अॅट ट्रोये

विद्यार्थी इथेच आपटतात, कारण ते डोळ्यांनी स्कॅन्शन करतात. 'सिथेन' स-ने सुरू होतं, पण त्याच्यावर वजन नाही, म्हणून ते हिशेबात नाही. 'असाउट' अ-ने सुरू होतं, पण आघात 'सा'वर आहे, म्हणून ते हिशेबात आहे. सेज, असाउट, सेसेड. ट्रोये मोकळा. पेन्सिल घेऊन सारखी आद्याक्षरं गोल करत बसलात तर चुकणारच. ओळ मोठ्याने म्हणा, आघात शोधा, मग अक्षर बघा. याच क्रमाने.

रॉबर्ट क्रोलीने १५५० मध्ये 'पिअर्स' पहिल्यांदा छापलं तेव्हाच प्रस्तावनेत सांगून टाकलं होतं की प्रत्येक ओळीत किमान तीन शब्द एकाच अक्षराने सुरू होतात. यमक शोधणाऱ्या वाचकाची तेव्हाही पंचाईत होत असणार.

आता चॉसर. त्याच्यामुळे सगळा घोळ. त्याच्या 'कँटरबरी टेल्स'मधला पार्सन, म्हणजे धर्मगुरू, म्हणतो की मी दक्षिणेकडचा माणूस, मला ते 'रम, रॅम, रफ', म्हणजे अक्षरजुळणी, जमत नाही. हे वाक्य प्रत्येक गाइडात असतं, बघा, चॉसरने थट्टा केली म्हणून. लगेच पुढची ओळ कुणी देत नाही, तिथे तोच पार्सन म्हणतो की यमकही मला त्याहून फारसं बरं वाटत नाही. आणि मग तो सरळ गद्यात प्रवचन देतो! स्वतः चॉसरने 'नाइट्स टेल'मधल्या झुंजीच्या वर्णनात अक्षरजुळणी मनसोक्त वापरलीय.

शिवाय ज्याला आज नियमित म्हणून डोक्यावर घेतात त्या चॉसरलाही एकेकाळी ओबडधोबडच ठरवलं होतं. ड्रायडन या कवी-समीक्षकाने १७०० मध्ये लिहिलं की चॉसरच्या पुष्कळ ओळी अर्ध्या पावलाने लंगड्या आहेत. लंगड्या कशाने? चॉसरच्या 'soote' (गोड) या शब्दाच्या शेवटी जो ई आहे तो चॉसरच्या काळी 'सोटे' असा उच्चारायचे, ड्रायडनच्या काळी ते कुणाला ऐकू येत नव्हतं. आधीच्या एका संपादकाने चूक आपल्या वाचण्याची आहे असं सुचवलं होतं, ड्रायडनने त्याला उडवून लावलं. १७७५ पासून टिरव्हिटच्या आवृत्तीने ते शेवटचे ई हिशेबात धरले आणि ओळी चालायला लागल्या. ज्यांना आपण अनियमित म्हणतो त्यांच्याबद्दल आधी आपला कान तपासावा, एवढं तरी सरांना यावरून कळायला हवं होतं.

काही गोष्टी वर जरा ठासून बोलले, त्या सैल करते. झीव्हर्सचे पाच साचे म्हणजे देववाणी नाही, इतर पंडितांच्या मांडण्या वेगळ्या आहेत आणि त्यांची भांडणं चालू आहेत. लघू-गुरूचं मी जे सांगितलं ते जुन्या इंग्रजीपुरतं. लँगलंडला ते लावायला जाऊ नका. माधव जूलियनांनी 'छंदोरचने'त मराठी पद्याचे वृत्त, जाती आणि छंद असे जे वर्ग केले त्यातल्या एकातही ही आघाताची ओळ नीट बसणार नाही, त्यामुळे मी 'वृत्त' म्हणते ते ढोबळ अर्थाने घ्या. आणि परीक्षेत 'बॉब अँड व्हील' विचारतात, ते फक्त 'गवेन'सारख्या कडव्यांच्या कवितांत असतं: लांब ओळी संपल्या की एक इवलीशी ओळ आणि तिच्यामागे चार आखूड यमकाच्या ओळी. 'पिअर्स'मध्ये शोधू नका.

गुणांचं म्हणाल तर पेपरात सरांचं वाक्य लिहून दिलंत तरी पास व्हाल. मी तसं लिहिलं नसतं, पण मी मार्क घालवून बसलेली बाई आहे.

वर्गात विचारायचंच असेल तर ओळीचा दुसरा अर्धा भाग विचारा. होयट डग्गन या अभ्यासकाने १९८६ मध्ये आणि टॉमस केबलने नंतर दाखवलं की चौदाव्या शतकातल्या या कवितांत दुसऱ्या अर्ध्यात, पहिल्या आघाताच्या आधी किंवा दोन आघातांच्या मध्ये, दोन किंवा अधिक बिनआघाती अक्षरांचा एक सलग पट्टा येतो. एकाच जागी, दोन्हीकडे नाही. वरचं 'वास सेसेड अॅट ट्रोये' मोजा: आधी एकच अक्षर, मध्ये दोन. 'व्हान सॉफ्टे वास द सुन्ने' मोजा: आधी एक, मध्ये तीन. 'पिअर्स'मध्ये अपवाद जास्त सापडतील, 'गवेन'मध्ये कमी. आमचा तो खडूचा प्रसंग घडला तेव्हा डग्गनचा लेख छापून बरीच वर्षं झाली होती, गाइडात मात्र तो आला नव्हता. तुमच्या गाइडात आलाय का, हे मला कमेंटमध्ये जरूर कळवा.