‘मार्सुपियलायझेशन’ लिहिताना

डिस्चार्ज कार्डाच्या भाषांतरात तू ‘मार्सुपियलायझेशन’साठी ‘गाठ काढून टाकली’ असं लिहिलंयस. ते बदल, कारण यात गाठ काढतच नाहीत. सिस्टला, म्हणजे द्रव भरलेल्या पिशवीसारख्या गाठीला, छेद देऊन आतला द्रव बाहेर काढतात आणि कापलेल्या भिंतीच्या कडा बाहेर वळवून आजूबाजूच्या त्वचेला किंवा श्लेष्मल आवरणाला (आतल्या ओलसर अस्तराला) शिवतात. बंद पिशवीचं तोंड उघडं राहतं, स्राव वाहत राहतो, पोकळी हळूहळू आक्रसते. नुसता चीर देऊन निचरा केला तर तोंड काही दिवसांत मिटतं आणि गाठ पुन्हा भरू शकते. शिवलेल्या कडांचा उपयोग तो हाच.

हा शब्द तुला जास्त करून योनीमुखाजवळच्या बार्थोलिन ग्रंथीच्या सिस्टसाठी दिसेल. तिथे पूर्ण ग्रंथी काढणं रक्तस्रावाचं काम असतं, शिवाय ग्रंथी राखली तर तिचं ओलावा देण्याचं कामही टिकतं. जबड्याच्या सिस्टसाठी ही पद्धत जर्मन सर्जन कार्ल पार्त्श यांनी 1892मध्ये मांडली. मोठ्या सिस्टमध्ये दातांची मुळं किंवा जबड्यातली नर्व्ह (मज्जातंतू) वाचवायची असेल तर आजही ती वापरतात. मात्र तिथे पोकळी महिनोन्‌महिने धुवावी लागते, आणि उरलेली सिस्ट पुढे काढावीही लागू शकते.

म्हणून मूळ शब्द देवनागरीत ठेव आणि पुढे लिही: ‘गाठ उघडून तिच्या कडा शिवल्या, भिंत आत ठेवली आहे.’ ‘काढली’ वाचलेली बाई तिथे पुन्हा फुगवटा आला तर घाबरेल, आणि पुढच्या डॉक्टरला चुकीची माहिती देईल.