प्रवासाचं विचारा : जपानची एका दिवसाची टूर, निक्कोचं धुकं आणि गणपतीला मुळा

या वेळी जपानच्या प्रश्नांचा नुसता पाऊस पडलाय, बहुतेक दिवाळीच्या सुट्टीची बुकिंगं चालू असणार. त्यातले चार निवडलेत. पहिल्याचं उत्तर लांबलंय, पण त्यात बाकीच्यांचंही बरंचसं येऊन जातं.

प्रश्न : ताई नमस्कार, आम्ही घोडबंदर रोडला राहतो. ऑक्टोबरच्या शेवटच्या आठवड्यात टोकियोला चार रात्री आहोत, मी, मिस्टर, अकरा वर्षांचा मुलगा आणि सासूबाई (वय ६८, गुडघे दुखतात, पूर्ण शाकाहारी, अंडंसुद्धा नाही). एजंट म्हणतोय एक दिवस गाइडवाली बस टूर घ्या, देवळं पण होतात आणि निसर्ग पण. त्याच्याकडे दोन ऑप्शन आहेत, एक फक्त निक्को आणि दुसरी एका दिवसात चार ठिकाणं, फुजीच्या बाजूची. पैसे जवळपास सारखेच. मिस्टर म्हणतात चार घेऊया, वसूल होतील. काय करू? की गाइड न घेता स्वतःच ट्रेनने जाऊ?

उत्तर : मिस्टरांना सांगा, वसूल होतं ते बसच्या सीटचं भाडं. मी पहिल्यांदा गेले तेव्हा हेच केलं होतं, चार ठिकाणं एका दिवसात. सकाळी साडेसातला निघालो ते रात्री सातला परत, आणि नंतर हॉटेलवर बसून हिशोब केला तर सहा तासांच्या वर बसमध्येच गेले होते. एका देवळाला पस्तीस मिनिटं दिली, त्यातली दहा बाथरूमच्या लाइनीत. आणि चौथं "ठिकाण" म्हणजे चक्क एक दुकान निघालं. वर आमच्यातलं एक जोडपं बारा मिनिटं उशिरा आलं तर बस निघून गेली हो, खरंच गेली, ते बिचारे ट्रेनने परत आले. तिथे वेळ म्हणजे वेळ, आपल्यासारखं "अजून दोघं यायचीयत, थांबा जरा" चालत नाही.

म्हणून माझं मत विचाराल तर एका दिवसात एकच गाव. तुमच्यासाठी निक्को, आणि गाइडवाली टूरच घ्या. का ते सांगते.

निक्को टोकियोच्या उत्तरेला, टोकियोतल्याच आसाकुसाहून तोबू कंपनीच्या ट्रेनने साधारण दोन तास. तिथपर्यंत सोपं आहे, कोणीही जाईल. पण देवळं खाली गावाजवळ आणि धबधबा नि तलाव वर डोंगरात, मध्ये घाट. लोकल बसने वर जायला पाऊण तास धरा, गर्दीत बसायला जागा मिळेल याची खात्री नाही, आणि सासूबाईंना घेऊन बसस्टॉपवर उभं राहायचं म्हणजे वैताग. इथे टूरची बस खरंच कामाला येते. (एजंट जेआर पास, म्हणजे जपान रेल्वेचा पर्यटकांसाठीचा पास, गळ्यात मारत असेल तर घेऊ नका. ऑक्टोबर २०२३ मध्ये त्याचे भाव भयंकर वाढले, सात दिवसांचा साधा पास २९,६५० येनवरून ५०,००० येन झाला, आणि तोबू ही जेआरची लाइनच नाही.)

दुसरं म्हणजे तोशोगू. हे शोगुन, म्हणजे जपानचा लष्करी राज्यकर्ता, तोकुगावा इएयासू याचं समाधीस्थान. तो १६१६ ला गेला, पुढच्या वर्षी त्याला इथे आणलं, आणि आज दिसतो तो सगळा झगमगाट त्याच्या नातवाने १६३६ मध्ये उभा केला. म्हणजे आपले शिवाजी महाराज तेव्हा सहा वर्षांचे होते, मुलाला असं सांगितलंत तर त्याला पटकन काळ कळेल. इथे गाइड नसेल तर तुम्ही नुसतं "वा, किती सोनं लावलंय" म्हणून बाहेर पडाल. योमेइमोन नावाचा दरवाजा आहे, त्यावर पाचशेच्या वर कोरीव मूर्ती, माणसं, ड्रॅगन, फुलं, पोरं खेळतायत, काय नाही त्यात. आणि त्याच्या बारा खांबांतल्या एकावरची नक्षी मुद्दाम उलटी कोरलीय. कारण काम अगदी परिपूर्ण झालं की तिथूनच त्याची घसरण सुरू होते असं मानतात, म्हणून थोडं अपुरं ठेवायचं. मला तर ऐकल्या ऐकल्या बाळाच्या गालावरची तीट आठवली. हा खांब आपला आपल्याला सापडत नाही, कोणीतरी बोट दाखवावं लागतं.

तीन माकडंही इथलीच. आपण गांधीजींची तीन माकडं म्हणतो ना, वाईट बघू नका, ऐकू नका, बोलू नका, त्यांचं सगळ्यात प्रसिद्ध कोरीव काम इथल्या घोड्याच्या पागेवर आहे. पागेवर का, तर माकड घोड्यांना सांभाळतं अशी समजूत. आणि ती तीन एकटी नाहीयेत, ओळीने आठ चित्रं आहेत, माकडाच्या जन्मापासून पुढचं सगळं आयुष्य त्यात येतं, ही तिघं म्हणजे त्यातलं बालपण, लहान पोराला वाईट काही दिसू नये, कानावर पडू नये. लोक मात्र फक्त त्या तिघांचा फोटो काढून सटकतात.

आता गुडघे. इएयासूच्या खऱ्या समाधीपर्यंत २०७ दगडी पायऱ्या आहेत. पर्वतीच्या १०३ धरल्या तर जवळजवळ दुप्पट. सासूबाईंना तिकडे नेऊ नका, त्या वाटेच्या सुरुवातीला दारावर झोपलेली मांजर कोरलीय ती दाखवा आणि बसवा खाली, तुम्ही दोघांतला एक जण मुलाबरोबर वर जा. बाकी आवारातही थोड्या पायऱ्या आहेत आणि खाली बारीक खडी, त्यामुळे काठी असेल तर घ्या, लाजू नका. याकुशीदो नावाच्या भागात चपला काढून आत जायचं, छतावर मोठा ड्रॅगन रंगवलाय, त्याच्या तोंडाखाली उभं राहून लाकडाचे दोन तुकडे आपटतात तर खणखण असा लांबलेला आवाज येतो, "रडणारा ड्रॅगन" म्हणतात. एक हात पुढेमागे झालं की तो आवाज येत नाही. मुलगा खुश होईल. फोटो बंदी आहे तिथे.

मग घाट. इरोहाझाका. एकूण ४८ वळणं, जुन्या जपानी मुळाक्षरांची जितकी अक्षरं तितकी, आणि प्रत्येक वळणावर एकेका अक्षराची पाटी. चढायचा रस्ता वेगळा, उतरायचा वेगळा. कसारा-माळशेज केलेल्या माणसाला घाबरायचं कारण नाही पण मुलाला बस लागत असेल तर आलेपाक ठेवा खिशात. खरा त्रास वळणांचा नाही, ट्रॅफिकचा. ऑक्टोबरचा उत्तरार्ध म्हणजे वरच्या भागात पानं लाल व्हायचा ऐन मोसम, शनिवार-रविवारी तो घाट म्हणजे सुट्टीच्या दिवशीचं लोणावळा. त्यामुळे टूर आठवड्याच्या मधल्या दिवशीच घ्या आणि त्या रात्री कुठलंही जेवणाचं बुकिंग ठेवू नका.

वर चुझेंजी तलाव, १,२६९ मीटरवर, आपल्या महाबळेश्वरच्या आसपासची उंची पण थंडी त्याच्या कितीतरी पट, स्वेटर आणि कानटोपी हवीच. शेजारच्या नांताई ज्वालामुखीच्या लाव्हाने नदी अडली आणि तलाव झाला, आणि त्या तलावाचं पाणी जिथून बाहेर पडतं तो केगोनचा धबधबा, ९७ मीटर. उंचीत आपला खारघरचा पांडवकडा काही मागे नाही बरं का, फक्त तिथे पावसाळ्यात पोलीस अडवतात आणि इथे डोंगराच्या पोटातून लिफ्टने खाली नेऊन समोर उभं करतात. सासूबाईंसाठी हे बेस्ट. पण एक सांगून ठेवते, धुकं असलं तर काहीही दिसत नाही. माझ्या वेळी नुसता आवाज येत होता, समोर पांढरी चादर, आणि आम्ही चाळीस जण त्या चादरीचे फोटो काढत होतो. गाइड बिचारी सारखी सॉरी म्हणत होती, जणू काही धुकं तिनेच सोडलंय.

एजंटला पैसे देण्याआधी एवढं लिहून घ्या की प्रत्येक ठिकाणी नक्की किती मिनिटं, तोशोगूचं आणि लिफ्टचं तिकीट पैशात धरलंय का, आणि गाइड देवळात तुमच्याबरोबर चालणार की बसमध्येच माइकवर बोलून "दीड तासाने या" म्हणणार. तिसऱ्याचं उत्तर गोलमोल आलं तर दुसरी टूर शोधा.

खाण्याचं मात्र तुम्हालाच बघावं लागेल. तिथे "व्हेज" म्हटलं तरी आमटी, सॉस, उकडलेली भाजी सगळ्यात दाशी असते, म्हणजे वाळवलेल्या माशाचं पाणी. निक्कोची युबा प्रसिद्ध आहे, सोयाबीनच्या दुधावरची साय, दिसायला एकदम शाकाहारी, पण तीसुद्धा बऱ्याचदा दाशीतच शिजवतात, विचारल्याशिवाय देऊ नका. टूरमध्ये शाकाहारी जेवण आधी सांगून मिळत असेल तर "मासे आणि माशाचं पाणीही नको" असं स्पष्ट लिहा. आणि तरीही दशम्या, मेथीचे ठेपले, कोरडी चटणी, लाडू बरोबर असू द्या. बसमध्ये डबा उघडायच्या आधी गाइडला विचारा, आणि कचऱ्यासाठी एक पिशवी ठेवा, कारण रस्त्यावर कचऱ्याचे डबे जवळजवळ नसतातच, मी तर केळ्याचं साल दिवसभर पर्समध्ये फिरवलंय.

प्रश्न : वाशीहून. ऑफिसच्या कामाने ओसाकाला जातोय, एकच रविवार मोकळा आहे. नारा करावं म्हणतोय. एकटाच आहे, गाइड घेऊ का?

उत्तर : नको. नारा एकट्याने करायचीच जागा आहे. ओसाकाच्या नांबाहून किंतेत्सूच्या ट्रेनने चाळीस मिनिटांच्या आसपास, म्हणजे वाशीहून कुर्ल्याला जाऊन येण्यासारखं, आणि स्टेशनातून बाहेर पडलात की चालत वीसेक मिनिटांत तोदाइजी हे बौद्ध देऊळ. वाटेत हरणं. ती मान लववून बिस्किटं मागतात, गोंडस दिसतात, पण हातात कागद, नकाशा, बोर्डिंग पास काहीही असेल तर खाऊन टाकतात. बिस्किटं संपली की दोन्ही हात रिकामे करून दाखवायचे, कळतं त्यांना.

गाइड नको म्हटलं तरी एक गोष्ट वाचून जा. तोदाइजीतला तो पंधरा मीटर उंच बुद्ध, इसवी सन ७५२ मध्ये त्याचे डोळे रंगवण्याचा विधी झाला, आपण प्राणप्रतिष्ठा म्हणतो तसंच काहीसं, आणि ते डोळे रंगवणारा भिक्षू भारतातून गेलेला होता. बोधिसेन त्याचं नाव. त्याच्या हातातल्या ब्रशला लांबलचक दोऱ्या बांधल्या होत्या आणि जमलेल्या लोकांनी त्या धरल्या होत्या, म्हणजे सगळ्यांचा हात लागावा. तो ब्रश तिथल्या शोसोइन भांडारात अजून जपून ठेवलाय. मी हे परत आल्यावर वाचलं आणि इतकी चिडले स्वतःवर, तासभर त्या मूर्तीसमोर उभी होते नि डोळ्यांकडे नीट बघितलंच नाही. आताचं लाकडी सभागृह १७०९ चं आहे, आणि तरी ते मूळच्यापेक्षा लहान. आत एका खांबाला बुद्धाच्या नाकपुडीएवढं भोक आहे, लहान मुलं त्यातून आरपार जातात. तुम्ही प्रयत्न करू नका, एक गृहस्थ कमरेपर्यंत जाऊन अडकलेले मी बघितलेत.

प्रश्न : नेरुळहून. तिकडच्या देवळात आपल्यासारखं चालतं का, म्हणजे प्रदक्षिणा, फुलं, नैवेद्य? आईला घेऊन जातेय, ती काहीतरी करेल आणि लोक बघत बसतील अशी भीती वाटते.

उत्तर : आईंना काही होत नाही, उलट त्यांना तुमच्यापेक्षा लवकर कळेल. आधी हे बघायचं की जागा शिंतो या जपानच्या मूळ धर्माची जिंजा आहे की बौद्धांचं देऊळ. दोन खांब आणि वर आडव्या दांड्या असं तोरणासारखं काही दिसलं, त्याला तोरी म्हणतात, तर ती जिंजा. तिथे दोनदा वाकायचं, दोनदा टाळ्या वाजवायच्या, मनात मागायचं, परत एकदा वाकायचं. बौद्ध देवळात टाळ्या नाहीत, नुसते हात जोडायचे. बाहेर पाण्याची जागा असते तिथे पळीने हात धुऊन घ्यायचे, पळी तोंडाला लावायची नाही. फुलं-नैवेद्य आपले आपण नेऊन ठेवायचे नाहीत, पेटीत नाणं टाकायचं, पाच येनचं भोकाचं नाणं शुभ, कारण पाच येनला "गोएन" म्हणतात आणि त्याच उच्चाराचा दुसरा अर्थ होतो ऋणानुबंध. आसाकुसाच्या सेन्सोजी या बौद्ध देवळात मोठ्या पात्रात उदबत्त्या जळत असतात आणि लोक तो धूर हाताने डोक्यावर ओढून घेतात, आरती घेतो तसा. माझ्या आईने तिथे न सांगता बरोबर तेच केलं. मोजे मात्र बिनभोकाचे असू द्या.

प्रश्न : नौपाड्यातून. जपानमध्ये गणपती आहे म्हणतात, खरं का? असेल तर दर्शन होईल का?

उत्तर : आहे. कांगितेन नाव त्याचं, शोतेनही म्हणतात. सेन्सोजीपासून पंधरा मिनिटं चालत गेलात की सुमिदा नदीजवळ एका छोट्याशा टेकडीवर माचुचियामा शोदेन म्हणून देऊळ आहे, ते त्याचंच. दर्शन होणार नाही, मूर्ती बंद ठेवतात, कोणालाच दाखवत नाहीत. आणि मोदक नाही, दुर्वा नाही, इथे वाहतात मुळा. पांढरा जाडजूड दाइकोन, देवळातच विकत मिळतो. जिकडे बघाल तिकडे, भिंतीवर, पायरीवर, एकमेकांत गुंफलेले दोन मुळे कोरलेले. सात जानेवारीला तर मुळ्याचाच उत्सव असतो. वाहिलेले मुळे नंतर लोकांना देतात, प्रसादच म्हणा ना. आम्हालाही एक मिळाला, चांगला हातभर लांब. हॉटेलात सुरी नव्हती, मग क्रेडिट कार्डाने कसाबसा कापला, मीठ लावलं आणि घरून नेलेल्या ठेपल्याबरोबर संपवला.